केपसाठी कापड घेताना या चुका टाळा

डिसेंबर लागला की जळगावच्या फुले मार्केटात मखमल आणि सॅटिनचे ताके काढून दाखवताना दुकानदारांचे हात दुखतात. शाळांची स्नेहसंमेलनं तोंडावर आलेली असतात, कुणाच्या मुलाला राजा व्हायचं असतं, कुणाच्या मुलीला राणी, आणि दोघांनाही केप, म्हणजे गळ्याशी बांधून खांद्यावरून खाली सोडायचा बिनबाह्यांचा झगा, हवा असतो. "कितला मीटर फाडू ताई?" असं विचारलं की आपण अंदाजाने "तीन द्या" म्हणून मोकळे होतो. फाडलेलं कापड परत होत नाही. कमी पडलं तर दोन दिवसांनी त्याच ताक्याचं, त्याच रंगाचं कापड मिळेलच असं नाही.

फक्त उंची मोजून मीटर सांगणं

कुर्त्याचा हिशोब केपला लावू नका. केप गोलात कापतात, त्यामुळे उंचीऐवजी त्रिज्या धरायची. गळ्याच्या घेराला ३.१४ ने भागा, त्यात केपची लांबी आणि खालच्या दुमडीचा दीड इंच मिळवा. ही झाली अर्धगोल केपची त्रिज्या. ताक्यावरून हवी असलेली लांबी तिच्या दुप्पट.

मोठ्या बाईचा गळा १५ इंच आणि लांबी ५० इंच धरली, तर ५ अधिक ५० अधिक दीड, म्हणजे साडेछप्पन्न. दुप्पट ११३ इंच, म्हणजे २.८७ मीटर. ३ मीटर घ्या. पूर्ण गोल हवा असेल तर याच्या जवळपास दुप्पट, ६ मीटरपर्यंत जातं. मुलांच्या नाटकाला माझ्या मते अर्धगोल पुरेसा. मंचावर पूर्ण गोल पायात येतो.

लांबी पाठीवरून सरळ खाली मोजू नका. टेप मानेपासून खांद्यावरून घोट्यापर्यंत सोडा. नाहीतर बाजूंनी केप वर उचललेली दिसते.

भाव विचारला, पन्हा विचारलाच नाही

पन्हा म्हणजे कापडाची रुंदी. वरचा ३ मीटरचा हिशोब ५८ इंच पन्ह्याचा आहे. साडेछप्पन्नची त्रिज्या त्यात बसते, आणि गोल कापल्यावर दोन कोपऱ्यांत साधारण १६ इंचाचे चौकोनी तुकडे उरतात. हूडचे (केपला जोडलेल्या टोपीचे) दोन्ही भाग त्यांतूनच निघतात, वेगळं कापड लागत नाही. म्हणून कोपरे कात्रणांत टाकू नका.

पन्हा ४४ असेल तर गणित बदलतं. किनार सोडून हाती ४३ इंच येतात आणि मागच्या बाजूला, खालच्या घेराशी, सुमारे १४ इंचांचा जोड द्यावा लागतो. त्याला आणखी मीटरभर कापड हवं, म्हणजे ४ मीटर. जोडाच्या शिवणीवर लेस बसवली की तो मुद्दाम केलेला वाटतो.

दुसरीतल्या मुलाच्या ३६ इंच लांबीच्या केपची त्रिज्या मात्र ४२ च्या आत राहते. तिथे ४४ पन्हा चालतो, सव्वादोन मीटर बस होतं. हूड हवं तर ३० सेंटिमीटर जास्त घ्या.

मखमलीची लव न पाहणं

मखमलीवरून हात फिरवा. एका दिशेने मऊ लागेल, उलट्या दिशेने खरखरीत आणि रंगही गडद दिसेल. अर्धगोल अखंड कापला तर समोरच्या एका बाजूची लव वर जाते, दुसरीची खाली, आणि दिव्याखाली एकाच केपचे दोन रंग दिसतात. पाठीत शिवण घेऊन दोन पाव गोल एकमेकांचे आरसे असल्यासारखे कापा, दोन्हींच्या समोरच्या कडेला लव खाली. कापड तेवढंच लागतं, फक्त शिवणीचा इंचभर वाढवा.

अस्तर आणि लेस

अस्तराचे मीटर वरच्या कापडाइतकेच धरले जातात, पण त्याचा पन्हा बहुधा वेगळा असतो. हिशोब पुन्हा करा. सुती अस्तर असेल तर आधी भिजवून वाळवा. ५ टक्के आटलं तरी ३ मीटरमागे १५ सेंटिमीटर गेले.

लेसमध्ये सगळेच चुकतात. ५० इंची केपचा खालचा घेर सुमारे १७३ इंच आणि समोरच्या दोन कडा १००. मिळून ७ मीटर होतात, साडेसात घ्यावी.

कापड आणलंय आणि कमी पडतंय

आधी कात्री लावू नका. जुनी साडी अंथरा, सुतळीला खडू बांधून ठरलेल्या त्रिज्येचा गोल काढा आणि किती कमी पडतं ते डोळ्यांनी पाहा. चार-सहा इंचांचा प्रश्न असेल तर खाली दुसऱ्या रंगाचा काठ जोडा. राजाच्या केपला सोनेरी काठ शोभतोच. पट्टी मात्र आडवी कापू नका, गोल घेराला ती तिरक्या धाग्यावर कापलेलीच नीट बसते. त्याहून जास्त कमी असेल तर गोलाचा नाद सोडा. दोन पन्हे उभे जोडून गळ्याशी चुण्या घाला. ४४ पन्ह्यात पावणेतीन मीटरमध्ये ५० इंची केप होते, घेर ८५ इंचांच्या आसपास मिळतो आणि कात्रण जवळजवळ निघत नाही. जाड मखमलीच्या चुण्या गळ्याशी फुगतात, तिथे खांद्यापर्यंतचा सपाट योक, म्हणजे बिनचुण्यांचा वरचा तुकडा, लावून त्याला केप जोडा.