कंबरदुखीचं कोडिंग: एम५४.५० टाकायच्या आधी नोट शेवटपर्यंत वाचा

पुण्यात नाहीतर नवी मुंबईत बसून अमेरिकेतल्या पेशंटचे चार्ट (डॉक्टरच्या नोंदी) वाचून प्रत्येक निदानाला आयसीडी-१०-सीएम कोड, म्हणजे निदानाचा ठराविक क्रमांक, लावणाऱ्या नवीन पोरापोरींना सगळ्यात जास्त सामोरा येणारा डायग्नोसिस म्हणजे लो बॅक पेन, आणि तो सोपा वाटतो म्हणूनच ऑडिटमध्ये मार्क तिथेच जातात. नोटमध्ये एलबीपी (लो बॅक पेन) दिसलं की हात सरळ एम५४.५० कडे जातो. थांबा जरा.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा, नुसता एम५४.५ आता चालत नाही. १ ऑक्टोबर २०२१ पासून त्याचे तीन तुकडे झालेत आणि तरी कुणाकुणाच्या चीट शीटवर तो जुना कोड अजून चिकटलेला असतोच. एम५४.५० म्हणजे अनस्पेसिफाइड, डॉक्टरने नुसतं लो बॅक पेन लिहिलंय आणि पुढे काहीच नाही तेव्हा. एम५४.५१ म्हणजे व्हर्टेब्रोजेनिक, मणक्याच्या एंडप्लेटमधून येणारं दुखणं, हा शब्द डॉक्टरने स्वतः लिहिलेला पाहिजे, एमआरआयमध्ये मोडिक चेंजेस (एंडप्लेटजवळच्या हाडातले बदल) दिसले म्हणून आपण आपल्या मनाने टाकायचा नाही. आणि एम५४.५९ म्हणजे डॉक्टरने दुखण्याचा प्रकार सांगितलाय पण त्याला वेगळा कोड नाही तेव्हा. कोड कुठल्या वर्षाचा लावायचा ते डेट ऑफ सर्व्हिसवरून ठरतं, क्लेम (इन्शुरन्सला बिल) कधी पाठवला त्यावरून नाही.

आता एक नोट घेऊ, अशा रोज येतात. पेशंटने बॉक्स उचलला, तीन आठवडे कंबर दुखतेय, कळ उजव्या पायात जाते, एसएलआर (पाय सरळ ठेवून वर उचलायची तपासणी) उजवीकडे पॉझिटिव्ह. असेसमेंटमध्ये लिहिलंय: लो बॅक पेन विथ राइट सायटिका, रूल आउट डिस्क हर्निएशन. म्हणजे कंबरदुखीसोबत उजवीकडे सायटिका (कंबरेतून पायात जाणाऱ्या नसेचं दुखणं), आणि डिस्क हर्निएशन (मणक्यांमधली चकती सरकणं) आहे का ते अजून तपासायचंय. प्लॅनमध्ये एमआरआय आणि फिजिओ.

कोड एकच, एम५४.४१. डावा पाय असता तर एम५४.४२, बाजू लिहिलीच नसती तर एम५४.४०. यासोबत एम५४.५० जोडायचा नाही, तिथे एक्सक्लूड्स१ आहे, म्हणजे दोन्ही एकत्र नकोच, कंबर आणि सायटिका दोन्ही त्या एका कोडमध्ये आलेत. हर्निएशन का नाही घेतलं? कारण आउटपेशंटमध्ये रूल आउट, प्रॉबेबल, सस्पेक्टेड असलं काही कोड होत नाही, जेवढं नक्की माहितीय तेवढंच (इनपेशंटला डिस्चार्जच्या वेळी नियम उलटा आहे, ते दोन्ही डोक्यात मिसळू देऊ नका). बॉक्स उचलला म्हणून स्ट्रेन (स्नायू ताणला जाणं) घ्यायचा का, तर नाही, डॉक्टरने स्ट्रेन म्हटलेलंच नाही. आणि समजा असेसमेंटमध्ये सायटिका शब्दच नसता, नुसती कळ पायात जाते आणि एसएलआर पॉझिटिव्ह एवढंच असतं, तर सायटिकाही घेता आला नसता. डायग्नोसिस डॉक्टर करतो, आपण नाही.

पुढच्या व्हिजिटला एमआरआय बघून डॉक्टर लिहितो एल४-एल५ (कंबरेचा चौथा-पाचवा मणका) डिस्क हर्निएशन विथ रॅडिक्युलोपथी (नसेच्या मुळाला त्रास). झालं, आता एम५१.१६, आणि एम५४.४१ गेला, कारण सापडलं की लक्षण मागे पडतं. हेच एल५-एस१ ला असतं तर लंबोसेक्रल (कंबरेचा शेवटचा मणका आणि त्याखालचं हाड जुळतं तो भाग) म्हणून एम५१.१७. रॅडिक्युलोपथी नसेल, फक्त डिस्क सरकलीय, तर एम५१.२६ किंवा २७.

डिस्क डिजनरेशनचे (चकती झिजण्याचे) चार्ट करणाऱ्यांनी इथे खास लक्ष द्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून एम५१.३६ सहा अक्षरी झालाय: फक्त डिस्कोजेनिक (चकतीतून येणारी) कंबरदुखी असेल तर एम५१.३६०, फक्त पायात दुखत असेल तर ३६१, दोन्ही असेल तर ३६२, दुखण्याचा उल्लेखच नसेल तर ३६९. लंबोसेक्रलच्या एम५१.३७ चंही तसंच. म्हणजे दुखणं कोडच्या आतच आलं, वेगळा एम५४ शोधत बसू नका.

स्ट्रेन लिहिला असेल तर आपण एम चॅप्टरमधून (हाडं-स्नायूंचे आजार) बाहेर पडून इंज्युरीत जातो, एस३९.०१२ए. शेवटचा ए म्हणजे ॲक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे, पहिली व्हिजिट असा त्याचा अर्थ काढू नका, तीच सगळ्यात कॉमन चूक. बरं होताना फॉलोअप किंवा फिजिओ असेल तर ए च्या जागी डी. स्प्रेन मात्र वेगळा, तो लिगामेंटचा, एस३३.५एक्सएक्सए, मधले दोन एक्स जागा भरायला.

क्रॉनिक लिहिलंय म्हणून लगेच जी८९.२९ (क्रॉनिक दुखण्याचा वेगळा कोड) चिकटवू नका. त्याने काही जास्तीची माहिती मिळत असेल तरच घ्या, आणि दुखण्याचं मूळ कारण माहीत असून त्यावरच उपचार चालू असतील तर नकोच. पेन मॅनेजमेंटसाठीच पेशंट आला असेल तर जी८९ पहिला, नाहीतर कंबरेचा कोड पहिला.

नोट अर्धवट असेल तर डॉक्टरला क्वेरी (खुलासा विचारणारा लेखी प्रश्न) टाका, पण 'सायटिका आहे ना?' असं डॉक्टरच्या तोंडात उत्तर घालायचं नाही. 'उजव्या पायात जाणारी कळ आणि पॉझिटिव्ह एसएलआर नोंदवलंय, याचं काही निदान असल्यास कृपया लिहावं' एवढं पुरे.