शिंजिरासाठी साखरपाणी: गूळ नको, साखरच

फुलातला रस पिणारे इवले हमिंगबर्ड पक्षी फक्त अमेरिकेच्या दोन्ही खंडांत आढळतात. कोल्हापुरात जास्वंदीच्या फुलात बाकदार चोच खुपसतो तो इवला पक्षी म्हणजे शिंजीर (सनबर्ड). हमिंगबर्डसाठी वापरतात तेच प्रमाण त्यालाही चालतं: 1 वाटी पांढरी साखर, 4 वाट्या पाणी. दोन्ही एकाच वाटीने मोजा. सुरुवातीला पाव वाटी साखर आणि 1 वाटी पाणी पुरे.

पाणी उकळा, गॅस बंद करा, मग साखर घालून ढवळा. साखर घातल्यावर उकळत ठेवलं तर पाणी आटतं आणि द्रावण दाट होतं. पूर्ण गार झाल्यावरच पक्ष्याला प्यायला भोकं असलेल्या टांगत्या भांड्यात (फीडरमध्ये) भरा. उरलेलं झाकणाच्या बाटलीत, फ्रीजमध्ये आठवडाभर राहतं.

आता गुळाचं. आपल्याकडे घरोघरी चांगला गूळ असतो, त्यामुळे साखरेपेक्षा तोच बरा असं वाटणं साहजिक आहे. तरी घालू नका. गुळात लोह आणि मळीचा अंश असतो. फुलातला रस बहुतांशी नुसतं साखरेचं पाणी असतो, आणि जास्तीचं लोह या इवल्या पक्ष्यांना बाधतं. मधही नको, पाण्यात मिसळला की तो लवकर आंबतो आणि त्यात बुरशी धरते. सॅकरिन या कृत्रिम गोडीतून ताकद मिळत नाही. खायचा रंग तर अजिबात नको. लाल झाकण किंवा लाल फूल लावलं तरी पक्ष्याला कळतं.

एप्रिल-मेमध्ये पाणी रोज बदला, थंडीत दोन दिवसांनी. गढूळ दिसलं, फेस आला, आंबूस वास आला की लगेच ओतून द्या. वरून नवीन भरत राहणं ही सर्रास होणारी चूक आहे, कारण तळाची बुरशी तशीच राहते. दर वेळी गरम पाणी आणि बाटलीचा ब्रश वापरा, भोकं पातळ ब्रशने साफ करा. काळे डाग पडले तर व्हिनेगरच्या पाण्यात तासभर भिजवून खळखळून धुवा.

भांडं सावलीत टांगा. शिंजीर बहुधा बसून पितो, म्हणून भोकाजवळ बारीक काडी हवीच. मुंग्यांसाठी टांगायच्या तारेवर पाणी भरलेलं झाकण अडकवा. तारेला तेल किंवा ग्रीस लावू नका, ते पिसांना चिकटतं. पावसाळ्यात उघड्यावर टांगलं तर पाणी शिरून द्रावण पातळ होतं, तेव्हा छताखाली घ्या.

पिलांना शिंजीर कीटक आणि कोळी भरवतात. म्हणून त्याच बाल्कनीतल्या कुंड्यांवर कीटकनाशक मारू नका.