व्रताच्या पुस्तिकेवर संशोधन करू पाहणाऱ्यांसाठी

कोल्हापुरात राहून धर्म, लिंगभाव आणि लोकप्रिय संस्कृती या विषयावर पीएच.डी. करू इच्छिणाऱ्यांची नजर प्रथम अंबाबाईच्या गाभाऱ्याकडे जाते. 2011 मध्ये आणि पुन्हा 2016 मध्ये महिलांच्या गाभाराप्रवेशावरून जे घडले ते महत्त्वाचेच आहे. मात्र त्यातील प्रत्येक बाजूने आपले म्हणणे कॅमेऱ्यासमोर आधीच मांडले आहे आणि नवख्या अभ्यासकाला बहुधा तेच पुन्हा ऐकायला मिळते. मला मार्गशीर्षातल्या गुरुवारच्या महालक्ष्मी व्रताची पातळ पुस्तिका अधिक मोलाची वाटली, आजही वाटते.

खरा धोका या पुस्तिकेपाशीच आहे, म्हणून सविस्तर सांगते. कथेतील राणी सुरतचंद्रिका ऐश्वर्याच्या गर्वाने दारी आलेल्या वृद्धेचा अपमान करते, वैभव जाते आणि पुढे व्रतानेच ते परत मिळते. ‘गर्विष्ठ स्त्रीला शिक्षा, आज्ञाधारक स्त्रीला बक्षीस’ हा निष्कर्ष एका दुपारी लिहून होतो. तो खोटा नसतो, आणि म्हणूनच घातक ठरतो; कारण पुढच्या साऱ्या मुलाखती त्याला साक्षीदार गोळा करण्यासाठी घेतल्या जातात. माझे एक संपूर्ण प्रकरण त्यापायी बाद झाले. पुस्तिका वाचण्यासाठी असते तशी वाटण्यासाठीही असते. शेवटच्या गुरुवारी उद्यापनाला हळदीकुंकू आणि फळासोबत ती सवाष्णींच्या हाती दिली जाते. म्हणजे या ग्रंथाचा प्रसार बायकाच करतात आणि त्या प्रसाराची हद्द सौभाग्य ठरवते. विधवेला पुस्तिका कोण देते, ती घट मांडते का, हे कथेच्या ओळींत सापडत नाही. याच जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने मे 2022 मध्ये विधवा प्रथांविरुद्ध ठराव केल्यानंतर तर हा प्रश्न टाळताच येणार नाही. कथा कोण वाचते, मोबाइलवर लावली तर कोण ऐकते, कोणता भाग गाळला जातो, हे पाहिल्यावाचून अर्थ लिहू नका. 1975 च्या ‘जय संतोषी माँ’चा अभ्यास होतो तो केवळ पटकथेसाठी नव्हे, तर प्रेक्षक चित्रपटगृहात चपला काढत आणि पडद्याला फुले वाहत, यासाठीही.

गुगल फॉर्मवर ‘तुमची श्रद्धा आहे का?’ असे विचारून मिळवलेली उत्तरे माझ्या मते टाकून द्यावीत. मार्गदर्शकही नाव पाहून निवडू नका. तुमची क्षेत्रकार्याची वही मागून वाचणारा, शेजारी शंका लिहिणारा मार्गदर्शक मिळाला, तर तो फारसा प्रसिद्ध नसला तरी चालेल.

आपण श्रद्धाळू आहोत की नाही, याची धास्ती बाळगू नका. प्रामाणिकपणे विचारले तर बायका मोकळेपणाने बोलतात आणि मोजक्या घरांतूनही भक्कम प्रबंध उभा राहतो. मार्गशीर्ष मात्र वर्षातून एकदाच येतो आणि त्यात गुरुवार चार किंवा पाचच असतात. तेव्हा विद्यापीठाच्या परवानग्या आणि घरच्यांची संमती कार्तिकातच मिळवा, आणि ध्वनिमुद्रण करायचे असेल तर घरातल्या पुरुषाला नव्हे, पूजा मांडणाऱ्या बाईला विचारा.