बुर्यात पद्धतीचे बूझे: रस न सांडता कसे करावेत

सैबेरियात बैकल सरोवराच्या आसपास राहणाऱ्या बुर्यात लोकांकडे सागालगान, म्हणजे चांद्र नववर्ष, आलं की घरची मंडळी बूझे वळायला बसतात. एरवीही उलान-उदे शहरात ते जागोजागी मिळतात. रशियनमध्ये त्यांना पोझी म्हणतात आणि ते विकणारी खानावळ म्हणजे पोझनाया. मैद्याच्या पारीत कच्चं मांस भरून वाफवायचं, एवढीच कृती. पण बूझ्याची खरी मजा आतल्या रसात असते. पुढची सगळी खटपट त्या रसासाठीच.

आधी सारण. तिकडे गोमांस, मेंढीचं किंवा घोड्याचं मांस वापरतात, कधी मिसळूनही. आपण अर्धा किलो मटण आणि १०० ग्रॅम चरबी घ्यावी. चरबी वगळली तर बूझा कोरडाच होणार, त्यामुळे डाएटचा विचार त्या दिवसापुरता बाजूला. मांस यंत्रातून न काढता सुरीने बारीक चिरलेलं उत्तम. त्यात दोन बारीक चिरलेले कांदे, मीठ, मिरपूड, एक चमचा मैदा आणि अर्धी वाटी गार पाणी घालून चांगलं कालवावं. पाण्याने रस वाढतो आणि मैदा तो धरून ठेवतो. सारण सैलसर दिसलं तरी घाबरू नये, अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवलं की आवळून येतं. आलं-लसूण पेस्ट आणि गरम मसाल्याचा मोह मात्र आवरा. मांसाची चव झाकायची नाहीये.

पारीसाठी ४०० ग्रॅम मैदा, एक अंडं, अर्धा चमचा मीठ आणि लागेल तसं पाणी (साधारण पाऊण वाटी) घेऊन घट्ट कणीक मळा आणि अर्धा तास झाकून ठेवा. नंतर छोटे गोळे करून तळहाताएवढ्या पाऱ्या लाटा. कडा पातळ, मध्यभाग जाड. मध्य पातळ राहिला तर बूझा तळाशी फुटतो आणि रस भांड्यात जातो. एवढ्यात साधारण २५ बूझे होतात.

मोदक येत असेल त्याला वळायला वेळ लागणार नाही: सारण मध्ये ठेवून कडेने बारीक चुण्या पाडत गोल फिरायचं. फरक एवढाच की टोक मिटायचं नाही, वर छोटं भोक ठेवायचं. परंपरेने ३३ चुण्या सांगतात. पहिल्या खेपेला पंधरा जमल्या तरी पुष्कळ.

मोदकपात्राच्या चाळणीला तेलाचा हात लावून, एकमेकांना चिकटणार नाहीत असे बूझे मांडा. पाणी खळखळ उकळू लागल्यावरच चाळणी ठेवा आणि मोठ्या आचेवर २० ते २५ मिनिटं वाफवा. भोकातून दिसणारा रस लालसर न राहता स्वच्छ झाला की उतरवा.

काटा-चमचा नको, टोचला की संपलं. हातात धरून कडेला छोटा चावा घ्यायचा, आधी रस ओढायचा, मग उरलेला खायचा. सोबत दूध घातलेला खारट चहा हवा.

जास्त झाले तर कच्चेच फ्रीजरमध्ये सुटे सुटे गोठवून ठेवावेत. वाफवताना वितळू देऊ नका, तसेच चाळणीत ठेवा आणि दहा मिनिटं जास्त द्या.