दशावतार जपायचाय? मग आधी रंगपटात जाऊन बसा

दशावतार, म्हणजे आपलं कोकणातलं रात्रभर चालणारं पौराणिक लोकनाट्य, टिकला पाहिजे असं व्हॉट्सअ‍ॅपवर सगळेच म्हणतात, पण म्हणजे करायचं काय हे कोणी सांगत नाही. तळकोकणात ज्यांच्या गावात जत्रेला अजून धयकालो, म्हणजे दशावताराचा खेळ, होतो त्या पोरांसाठी आणि चाकरमान्यांसाठी हे लिहितोय.

पहिलं काम रेकॉर्डिंगचं. दशावताराला लिहिलेली संहिता नसते, नाटकाआधी रंगपटात, म्हणजे कलाकार तयार होतात त्या जागेत, आख्यान (त्या रात्रीची पौराणिक गोष्ट) ठरतं, राजपार्टी म्हणजे राजाची भूमिका कोण करणार, स्त्रीपार्टी म्हणजे बाईची भूमिका करणारा पुरुष कोण, कुणाच्या मागून कोण येणार एवढं बोलणं होतं आणि बाकी सगळे संवाद स्टेजवर तिथल्या तिथे. म्हणजे कलाकार गेला की संवादही गेले, कुठल्या वहीत शोधणार? २०२२ साली दशावतारातले नावाजलेले कलाकार लोकराजा सुधीर कलिंगण गेले, त्यांची राजपार्टी आजची पोरं बघू शकतात ती व्हिडिओ आहेत म्हणूनच. तेव्हा नुसते चमत्काराचे ट्रिकसीन शूट करून स्टेटसला टाकू नका, परवानगी घेऊन रंगपटातली चर्चा रेकॉर्ड करा. मेकअप जो तो आपला आपणच करतो, तेही जवळून घ्या, भुवई कशी ओढतो, स्त्रीपार्टी लुगडं कसं नेसतो, दागिने कुठल्या क्रमाने चढतात.

आवाजासाठी फोन स्पीकरसमोर ठेवलात तर आवाज फाटणारच. एक फोन पेटीवाल्या बुवांच्या बाजूला, पखवाजापासून जरा लांब, आणि एअरप्लेन मोडवर, नाहीतर ऐन युद्धात मुंबईहून आत्तेचा कॉल येतो. घरी आल्यावर फाईलच्या नावात तारीख, गाव, मंडळ, आख्यान टाका आणि कोणी कुठली पार्टी केली ते लिहून ठेवा. कंटाळवाणं आहे पण हे नसेल तर पुढे त्या फाईलींचा काही उपयोग नाही.

आता नवीन काही करायचं असेल तर. माझं मत विचाराल तर आड दशावतार, म्हणजे आख्यानाआधीचा भाग, कापू नका. गणपती, रिद्धी-सिद्धी, सरस्वती, मग वेद चोरणारा संकासुर आणि त्याला मारणारा विष्णू, हे हल्ली घाईघाईत उरकतात, का तर लोकांना आख्यान बघायचंय. अहो पण संकासुर मालवणीत अख्ख्या गावाची फिरकी घेतो, रस्त्यातले खड्डे काय नि नळाचं पाणी काय, आजचे विषय घालायला याहून चांगली जागा कुठे मिळणार? त्याला वेळ द्या.

पोरांना शिकवताना संवाद पाठ करायला देऊ नका. गोष्ट सांगा, एकाला राजा करा, एकाला ऋषी, आणि वाद लावून द्या, अट एकच, समोरच्याने टाकलेला मुद्दा धरूनच उत्तर द्यायचं. सुरुवातीला पोरं लगेच गप्प होतात, होऊदेत. घरात श्रावणात वाचतात त्या पोथ्या मोठ्याने वाचायला लावा, राजाची भाषा तिथून तोंडात बसते. पखवाजावर पावलं टाकणं मात्र जाणत्या कलाकाराकडूनच शिकायचं, यूट्यूबवर बघून ते जमत नाही.

आणि मानधन. रात्रभर नाचून दुसऱ्या दिवशी पुढच्या गावात उभं राहायचं असतं त्यांना. जत्रेच्या बजेटमध्ये मंडपाचा आणि लायटिंगचा खर्च धरायच्या आधी नाटकाचे पैसे बाजूला काढा, वेळेवर जेवण, कपडे बदलायला आडोसा असलेली जागा आणि चालू बाथरूम एवढं तरी बघा, आणि ठरलेले पैसे सकाळी गाडी सुटायच्या आत हातात द्या.