‘सॅम’कडून मराठी वाक्य नीट कसं वदवून घ्यावं

जुन्या कॉम्प्युटरचा आवाज हवा असेल तर आजच्या आवाजावर ‘रोबोट’ फिल्टर चढवू नका. हा सल्ला सगळीकडे मिळतो आणि तो चुकीचा आहे. फिल्टरखालचा आवाज माणसाचाच राहतो. १९८२ साली घरगुती कॉम्प्युटरसाठी आलेल्या, लिहिलेलं बोलून दाखवणाऱ्या ‘सॅम’ (सॉफ्टवेअर ऑटोमॅटिक माउथ) या प्रोग्रॅममध्ये एकाही शब्दाचं रेकॉर्डिंग नाही. शब्द तिथल्या तिथे घडतो, आणि कसा घडायचा ते आपण ठरवतो. माझा जीव त्यावर जडला तो यासाठीच.

ब्राउझरमध्ये चालणारी आवृत्ती उघडा. पट्टी ६४ आणि वेग ७२ हे मूळ आकडे तसेच राहू द्या.

आता फोनेटिक पद्धत सुरू करा. सॅमला फक्त इंग्रजी स्पेलिंगचे नियम येतात, त्यामुळे रोमन लिपीतलं मराठी तो इंग्रजीसारखं वाचतो. प्रत्येक ध्वनी सॅमनं त्यासाठी ठरवलेल्या रोमन अक्षरांच्या खुणेनं लिहा. ‘ळ’ त्याच्याकडे नाही, ‘ल’वर भागवा. टी-एच दिसलं म्हणून ‘थ’ समजू नका. तो ‘थिंक’मधला, दातांतून हवा सुटणारा आवाज आहे.

खरी मेहनत पुढेच आहे: आघाताचे आकडे. स्वर लिहिला की त्याला चिकटून १ ते ८ पैकी आकडा द्यायचा. १ म्हणजे भावनेनं भरलेला आघात, ४ नेहमीचा, आणि ७-८ वर सूर खाली उतरतो. आकडेच दिले नाहीत तर वाक्य सपाट होतं. म्हणून मी सुरुवातीला प्रत्येक स्वराला ४ देत असे, आणि प्रत्येक अक्षर ठोकल्यासारखं यायचं. कित्येक दिवस मी खुणाच बदलत बसलो. दोष त्यांचा नव्हताच.

‘तू उद्या येणार?’ हे घ्या. ४ फक्त ‘तू’च्या ‘ऊ’ला दिला तर प्रश्न माणसाबद्दलचा होतो. तोच ‘उद्या’च्या ‘आ’ला दिला तर दिवसाबद्दलचा. बाकी स्वर मोकळे ठेवा. एका वाक्यांशाला एक आघात, याच्या पुढे जाऊ नका. वाक्य मोठ्यानं म्हणा, तुमचा सूर जिथे चढतो तिथे आकडा द्या.

सॅम सलग अडीच सेकंदच बोलतो, मग स्वतःहून थांबतो, मग ते वाक्यांशाच्या मधोमध का असेना. ही वेळ त्याच्यावर आणू नका: आधीच स्वल्पविराम द्या. त्याहून छोटा थांबा हवा तर संयोगचिन्ह. प्रश्नचिन्हानं शेवट वर जातो, पूर्णविरामानं खाली.

एवढं झाल्यावर आवाज गुळगुळीत करण्याच्या मोहात पडू नका. एमआयटी या अमेरिकी विद्यापीठातले यांत्रिक आवाजाचे संशोधक डेनिस क्लॅट यांच्या स्वतःच्या आवाजावरून घडलेला यांत्रिक आवाज स्टीफन हॉकिंग यांनी नवे पर्याय आल्यावरही सोडला नाही, कारण तो आता त्यांचा झाला होता.

मजकूर न वाचलेल्या कुणाला तरी ऐकवा, पडदा न दाखवता. त्यांनी वाक्य जसंच्या तसं म्हणून दाखवलं की रेकॉर्ड करा. अडखळले, तर पुन्हा आघातांकडे या.