ब्रोकोली-फळांचं सॅलड पाणचट होऊ नये म्हणून

ब्रोकोलीचे तुरे आधी 10 मिनिटं मिठाच्या पाण्यात बुडवून ठेवा, आत दडलेले किडे निघून येतात. मग उकळत्या पाण्यात जेमतेम 1 मिनिट आणि लगेच बर्फाच्या पाण्यात. रंग हिरवागार राहतो. जास्त शिजवली तर क जीवनसत्त्व कमी होतं, वासही उग्र येतो. नंतर कापडावर पसरून अगदी कोरडी करा. हे कृपया टाळू नका, सॅलड बिघडतं ते बहुतेक इथेच. देठ फेकू नका! साल काढून पातळ चकत्या करा, मला तर तोच भाग जास्त आवडतो. सफरचंदाच्या फोडींना लिंबू लावा, काळ्या पडत नाहीत. संत्रं, डाळिंबाचे दाणे घाला. मीठ मात्र वाढतानाच, नाहीतर फळांना पाणी सुटतं.